मुळशीच्या शाळेतून उडालेलं यान

किस्से कुणी गोळा करायला जात नाही हो! शाळेच्या फडताळात खडूचे तुकडे साठतात ना, तसे ते आपोआप साठत जातात. मग एक दिवस सहज फडताळ उघडावं, तर सगळे एकदम अंगावर! परवा नातीनं टीव्हीवर अंतराळातली कुठलीशी सिरियल लावली, यान, कॅप्टन, धडाम-धुडुम, आणि मी बोलून गेले, "अगं, आम्ही हे मुळशीत ऐकलंय!" झालं. तेव्हापासून घरात सगळे मागे लागलेत, सांग म्हणून.

साठ सालानंतरची गोष्ट. मी पुण्याची, नवी नवी शिक्षिका झालेली, आणि नेमणूक मुळशीला. धरण दाराशी, पण त्या पाण्यावरची वीज जायची मुंबईला. आमच्याकडे कंदील! गावाला सरकारी रेडिओ मिळाला होता, बॅटरीवर चालणारा. कुलूप लागणारी खोली एकच, ती शाळेची, म्हणून तो शाळेत. संध्याकाळी शेतीचं भाषण ऐकायचं आणि नंतर त्यावर चर्चा करायची, असं ठरलेलं. त्याचं नाव रेडिओ मंडळ. सरपंच तुकारामतात्या अध्यक्ष आणि मी चिटणीस, कारण किल्ली माझ्याकडे!

आणि दर गुरुवारी सव्वासातला, शेतीच्या भाषणानंतर, एक नवीन श्रुतिका सुरू झाली. 'अरुंधती' नावाचं यान पृथ्वी सोडून व्याधाच्या ताऱ्याकडे निघालंय आणि आत सहा माणसं. बास, इतकंच. पण त्या सहा माणसांनी आमचं गाव वेडं केलं!

*

पहिला गुरुवार. भाताच्या खोडकिड्यावर भाषण संपलं. तात्या चर्चेला सुरुवात करणार, तेवढ्यात रेडिओतून असा काही घरघराट सुरू झाला की भिंतीवरचा नकाशा थरथरला! दहा, नऊ, आठ... कुणीतरी आकडे उलटे मोजत होतं. शून्य म्हटल्याबरोबर निम्मी खोली उठून अंगणात पळाली, वर बघायला!

परत आली, तोवर यान बरंच वर गेलं होतं. मेधा नावाची एक बाई यानातून पृथ्वीशी बोलायची. तिचा आवाज आला, "कॅप्टन, पृथ्वी आता लिंबाएवढी दिसते आहे."

तात्यांनी डोक्यावरची टोपी काढून मांडीवर ठेवली. भाग संपल्यावर हळूच मला म्हणाले, "बाई, ह्ये आत्ता चाललंय का?"

म्हटलं, "नाही हो तात्या, नाटक आहे ते."

"नाटक हाय त्ये ठावं हाय मला!" तात्या म्हणाले. "पर आत्ता चाललंय का?"

*

नामा आमचा नावाडी. धरणाच्या पाण्यावर याची नाव चालायची, या काठावरनं त्या काठावर. माणूस तरबेज, आणि म्हणूनच कॅप्टनवर त्याचा राग.

"बाई, त्यो कप्तान खोटं बोलतुया," एका गुरुवारी तो म्हणाला. "तितं पानी न्हाई, वारा न्हाई. मंग ढकलतुय कशाला? वल्हं मारायला खाली कायतरी नगं का?"

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मी पुस्तकात वाचलं होतं ते सांगितलं. यान मागच्या बाजूनं वायू जोरात फेकतं, आणि मागे फेकलं की आपण पुढे सरकतो. नामानं ऐकून घेतलं. पटलेलं अजिबात दिसत नव्हतं.

रविवारी सकाळी निरोप आला, "बाई, काठावर या." गेले तर अर्धं गाव जमलेलं! पाणी आरशासारखं स्थिर. नामा नावेत उभा, पायाशी धोंड्यांचा ढीग. पाण्याला काही लागायला नको म्हणून वल्ही मुद्दाम काठावर काढून ठेवलेली. म्हणाला, "आता खरं-खोटं हुईल."

आणि लागला की मागच्या बाजूनं धोंडे भिरकावायला! पहिला धोंडा. काही नाही. दुसरा. तिसरा. चौथ्याला नाव जराशी हलली. मग सरकली. मग अगदी स्पष्ट, सगळ्यांच्या देखत, पुढे जायला लागली! कुणी ढकलत नव्हतं, वारा नव्हता, वल्हं नव्हतं. मी स्वतः विज्ञान शिकवायची हो, पण आयुष्यात पहिल्यांदा ते खरं होताना बघत होते!

"बाई, सरकतीया!" नामा ओरडला. "कप्तान खरा हाय!"

आणि आनंदाच्या भरात त्यानं उरलेले धोंडे एकापाठोपाठ एक फेकून दिले. नाव चांगली आत गेली आणि थांबली. धोंडे संपलेले, वल्ही काठावर. थोडा वेळ तो तसाच उभा राहिला. मग पाण्यावरून आवाज आला,

"बाईऽऽ, त्यांचा वायू संपल्यावर काय करत्यात त्ये बी बघून ठिवा पुस्तकात!"

*

एका भागात आलं की यानात भाजीपाला पिकवतात. मातीशिवाय, नुसत्या पाण्यावर! आमचं सगळं मंडळ भात पिकवणारं. हे काही कुणाच्या घशाखाली उतरेना.

"माती न्हाई? मंग चिखलनी कुटं करत्यात?" तात्या म्हणाले. "आन् भाजी खाऊन मानूस किती दिस काढनार? भात न्हाई व्हय त्यांच्याकडं?"

मी म्हटलं, नसावा.

दुसऱ्या दिवशी तात्या शाळेत आले. हातात कापडी पुरचुंडी. आंबेमोहराचं बी, निवडून, पाखडून, एकेक दाणा बघून घेतलेला. "पोस्टानं लावून द्या. रेडिओवाल्यांना लिवा, ह्ये अरुंधतीवर पोचतं करा."

आता यांना काय सांगणार? लिहिलं मी पत्र. अगदी तात्या सांगतील तसं. रोप किती दिवसांचं झालं की लावायचं, पाणी किती ठेवायचं, सगळं. उत्तर काही आलं नाही. मला वाटलं, हसून टोपलीत टाकलं असेल.

महिना-दीड महिना गेला. एका गुरुवारी यानातली माणसं जेवायला बसली होती. डॉक्टर म्हणाला, "अरे वा, आज भात?" आणि मेधा म्हणाली, "आंबेमोहर आहे. निघताना मुळशीहून बी आलं होतं ना!"

काय सांगू तुम्हाला! कुणी टाळी वाजवली नाही, कुणी हसलं नाही. आपल्या खाचरातलं बी आभाळात रुजलं होतं! तात्या डोळे मिटून बसले होते. बऱ्याच वेळानं म्हणाले, "नामा, वास आला का रं?"

"तर!" नामा म्हणाला. "पार दारातनं आला की!"

*

कोंडू धनगर वरच्या पठारावरनं यायचा. दर गुरुवारी दीड तास उतरून यायचं आणि खिडकीबाहेर घोंगडी पांघरून उभं राहायचं. आत ये म्हटलं तर म्हणायचा, "हितंच बरं हाय, आभाळ दिसतंय."

थंडीचे दिवस होते. भाग संपला आणि तात्यांनी मला विचारलं, "बाई, ह्यो व्याध कुटं आसतुय?" मी अंगणात गेले. भूगोल शिकवत होते, पण पुण्याच्या गल्लीत वाढलेली मी, आभाळ असं कधी बघितलं होतं? एक तारा दाखवला. मग म्हटलं, नाही, तो असेल.

कोंडू खिडकीपासून पुढे आला. "बाई, आदी तिकांडं बघा," तो म्हणाला. तीन तारे एका ओळीत, काठीनं रेघ मारावी तसे. "आता त्याच रेघंनं खाली उतरा. ल्हकल्हक करतुया न्हवं, निळा-पांढरा? त्योच."

आम्ही सगळे माना वर करून उभे. इतका तेजस्वी तारा, रोज डोक्यावर असूनही मी बघितला नव्हता! मग मला जे ठाऊक होतं ते मी सांगितलं. तो इतका लांब आहे, की त्याचा उजेड इथं पोचायला साडेआठ वर्षं लागतात. आपण बघतोय तो आजचा उजेड नाही, तेव्हा निघालेला आहे.

कोंडूनं बोटांवर वर्षं मोजली. मग म्हणाला, "साडेआठ वर्सं... म्हंजी तवा माजी आय हुती."

त्याची आई नुकत्याच सरलेल्या पावसाळ्यात गेली होती.

"हो," मी म्हटलं.

तो ताऱ्याकडेच बघत होता. "मंग त्येला आजून ठावंच न्हाई म्हना की, म्हातारी गेली त्ये."

*

आता जरा हसा. यानावर उल्का आदळली, भोक पडलं, आतली हवा सूं सूं करत बाहेर चालली. अभय नावाचा तरणाबांड इंजिनिअर, तो भोक बुजवायला बाहेर निघाला. कॅप्टन ओरडला, "अभय, थांब, बाहेर जाऊ..." आणि आमची बॅटरी खलास! काय सस्पेन्स म्हणता!

नवी बॅटरी यायला आठ दिवस. लोक उठायला लागले, तर तात्या दारात आडवे. "कुटं चाललाय? आठ दिस हवा गळत ठिवायची व्हय? मरतील की सगळी!"

म्हणणं अगदी बरोबर होतं. मग काय, तिथंच बसून ठरवलं. तात्या कॅप्टन. मी मेधा. नामा अभय, कारण भोकं बुजवायची माहिती त्याला एकट्यालाच. नावेची फट जशी बुजवतात तशी आतल्या अंगानं सुतळी ठोकून बसवली आणि वरनं गरम डांबर. नामा इतक्या गंभीरपणे टेबलाखाली घुसून ते करत होता, की डांबर हाताला लागेल म्हणून मागचे लोक सरकून बसले! सूं सूं आवाज करायला चौघांना बसवलं होतं. भोक बुजत गेलं तसा एकेकाचा आवाज बंद झाला. शेवटचा थांबला तेव्हा खोलीतल्या सगळ्यांनी खरोखर मोकळा श्वास घेतला. सहाच्या सहा माणसं सुखरूप!

पुढच्या गुरुवारी नवी बॅटरी. रेडिओ लावला, तर यानात शोक चाललेला. अभय बाहेर गेला होता आणि तिकडेच गेला. भोक बुजलं, पण तो परत आला नाही.

नामाचं तोंड उतरलं. तात्या मात्र रेडिओकडे बघत होते, जरा नाराजीनंच. म्हणाले, "बाई, आदल्या गुरवारचं आपलं त्यांच्यापतुर पोचलं न्हाई वाटतं!"

*

हा किस्सा भर पावसाळ्यातला. धरण भरलेलं, सांडव्यावरून पाणी कोसळत होतं. मी पलीकडच्या काठावरच्या शाळेत गेले होते. परत येताना नामाच्या नावेत आम्ही अकराजण. निम्म्यावर आलो आणि धुकं उतरलं. शेजारी बसलेल्या बाईचा चेहरा दिसेना, इतकं दाट!

नामा वल्ही मारायचा थांबला. सांडव्याचा आवाज येत होता, पण कुठून तेच कळेना. चारी बाजूंनी येतोय असं वाटायचं. त्या बाजूला नाव गेली असती, तर हे सांगायला मी उरले नसते. बायका रडायला लागल्या. कुणी म्हणे डावीकडे घे, कुणी म्हणे उजवीकडे. नुसता गोंधळ.

"गप ऱ्हावा समदी!" नामा गरजला. मग अगदी वेगळ्या, शांत आवाजात म्हणाला, "बाई, मेधानं केलं तसं करू."

त्याच आठवड्याच्या भागात यानाचा पृथ्वीशी संपर्क तुटला होता. मेधा हाक द्यायची, मग शंभर आकडे मोजेपर्यंत पूर्ण शांत राहून ऐकायची, पुन्हा हाक द्यायची.

नामा उभा राहिला. हा पहाडासारखा माणूस, दाढी वाढलेली, आणि दोन्ही हात तोंडाशी धरून ओरडला,

"अरुंधती बोलतीयाऽऽ! पृथ्वी, ऐकतीयास काऽऽ?"

कुणी हसलं नाही बरं का! मी मनात मोजायला लागले. शंभर झाले. काही नाही. पुन्हा हाक. पुन्हा शंभर. नाव आपली आपण सरकत होती आणि सांडव्याचा आवाज वाढत होता. तिसरी हाक. बहात्तर, त्र्याहत्तर...

आणि लांबून, धुक्यापलीकडून, तात्यांचा खणखणीत आवाज आला,

"पृथ्वी ऐकतीयाऽऽ! हिकडं या, हिकडं!"

आमची पाठ होती त्या बाजूला! नामानं नाव गर्रकन वळवली. तात्या हाका देत राहिले, आम्ही त्या आवाजाच्या मागं मागं येत राहिलो. पायाला चिखल लागला तेव्हा मी खाली बसून जमिनीला हात लावला.

नंतर तात्यांना विचारलं, "तात्या, तुम्हाला बरं सुचलं हो तसं उत्तर द्यायला!"

"न सुचायला काय झालं?" तात्या म्हणाले. "हाक पृथ्वीला मारली हुती न्हवं? मंग पृथ्वीनंच ओ द्याया पायजे की!"

*

ठकूआत्याची ओळख मी अजून करून दिली नाही. सत्तरीची असेल. दर गुरुवारी यायची, दाराजवळ भिंतीला टेकून बसायची आणि संपलं की उठून जायची. इतक्या महिन्यांत तिनं तोंडातून शब्द काढला नव्हता. तिचं गाव धरणात गेलं होतं, चाळीस वर्षांपूर्वी. तात्यांचंही तेच गाव. तेव्हा ते दहा वर्षांचे होते.

श्रुतिकेचा शेवटचा भाग होता. अरुंधती आता इतकी दूर जाणार, की पृथ्वी पुन्हा दिसणारच नाही. कॅप्टननं मोठी दुर्बीण लावली आणि सांगितलं, प्रत्येकानं एकदा, शेवटचं, आपलं घर बघून घ्या. एकेकजण दुर्बिणीशी आला आणि काय दिसतंय ते सांगत गेला. कुणाला अंगणातली सायकल दिसली, कुणाला वाळत घातलेलं पातळ. मेधा सगळ्यात शेवटी. मग वाजंत्री वाजली आणि संपलं.

तात्यांनी बटण बंद करायला हात पुढे केला.

"थांबा," मागून आवाज आला. "माजं ऱ्हायलंय."

ठकूआत्या उठली होती. लोकांनी वाट दिली. ती टेबलापाशी आली, एका हाताची मूठ पोकळ करून डोळ्याला लावली आणि दुसरा डोळा मिटला.

"गावाची येस दिसतीया," ती म्हणाली. "येशीतली चिच. बुंध्याला कुनीतरी बैल बांधलाय. सखूच्या दारात तुळस हाय, निम्मी बकरीनं खाल्लीया. हीर. हिरीवर दोगी उब्या हायेत, पर तोंडं पल्याड हायेत."

कंदिलाची वात कुणी मोठी केली नाही. रेडिओत नुसती खरखर चालली होती.

"आत्ते," तात्या म्हणाले. त्यांचा असा आवाज मी कधी ऐकला नव्हता. "आमचं घर दिसतंय का गं?"

"दिसतंय की. तुजा बा वट्यावर बसलाय, दोरी वळतुया."

"आनि?"

"तुला हाका मारतुया. तुक्या, तुक्या करून."

सरपंचांना गावात कुणी तुक्या म्हणत नसे. तात्या खाली बघत होते.

ठकूआत्यानं मूठ आणखी घट्ट डोळ्याशी धरली. "आमचं दार उगडंच हाय," ती म्हणाली. "आत कुनी न्हाई. चूल पेटल्याली हाय. चुलीवर दूद..." ती थांबली. मग एकदम घाबरून म्हणाली, "अगं बया, उतू चाललंय! कुनीतरी उतरवा की गं!"

मी उठले, आणि दोन पावलं चालूनसुद्धा गेले.